नोबुयो ओयामा : एका आक्षेपाला उत्तर

सप्रेम नमस्कार,

आपली प्रतिक्रिया काळजीपूर्वक वाचली. ‘डोरेमॉन’ या जपानी कार्टून मालिकेतल्या यंत्रमानवाला मूळ आवाज देणाऱ्या नोबुयो ओयामा यांना मी थोर अभिनेत्री म्हटले, हे आपल्याला पटलेले नाही. पडद्यावर जम बसला नाही म्हणून त्या माइककडे वळल्या आणि २६ वर्षे डोरेमॉनचा एकच आवाज काढत राहिल्या, ही सवय झाली, अभिनय नव्हे, असे आपले म्हणणे आहे.

पहिल्या मुद्द्याला कालक्रमाचाच आधार नाही. ओयामा हाइयुझा या नामांकित नाट्यसंस्थेच्या प्रशिक्षणवर्गात शिकल्या, १९५६ मध्ये दूरचित्रवाणी नाटकातून पडद्यावर आल्या आणि लगेच पुढच्या वर्षी ‘लॅसी’ या अमेरिकी मालिकेच्या डबिंगपासून आवाजाचे कामही करू लागल्या. त्या काळी जपानमध्ये ‘आवाजाचे कलाकार’ अशी वेगळी जमात फारशी नव्हतीच. परदेशी मालिकांचे डबिंग रंगभूमीवर तयार झालेली मंडळीच करीत. तेव्हा एक दार बंद झाले म्हणून दुसरे ठोठावले, असे काही घडलेले नाही.

दुसरा मुद्दा अधिक विचार करण्याजोगा आहे. शाळेत ज्या घोगऱ्या आवाजावरून मुले त्यांना चिडवीत, त्याच आवाजाला सोबत घेऊन त्या आयुष्यभर उभ्या राहिल्या, हे खरे. परंतु आवाज एकच असणे आणि पात्र एकच असणे यांत फरक आहे. १९७९ मध्ये डोरेमॉनची भूमिका मिळाली तेव्हा, नोबिता या मुलाला सांभाळण्यासाठी भविष्यातून पाठवलेला यंत्रमानव अर्वाच्य बोलणार नाही, असे त्यांनी स्वतःच ठरवले. संहितेतला शिवराळ शब्द त्या टाळीत, आणि ‘नमस्कार, मी डोरेमॉन’ हे अदबशीर अभिवादनही त्यांनीच बसवले. पात्राचा स्वभाव असा आतून उभा करणे, याला सवय कसे म्हणायचे?

शिवाय, वयाच्या पंचाहत्तरीनंतर, २०१० मध्ये, ‘डांगानरोंपा’ या व्हिडिओ गेममध्ये त्यांनी मोनोकुमा हे अस्वल साकारले. शाळकरी मुलांना एकमेकांचे खून करायला लावणारे हे पात्र बोलते जवळजवळ त्याच आवाजात, ज्यात डोरेमॉन नोबिताची समजूत घालीत असे. आणि त्या ओळखीच्या लडिवाळपणामुळेच ते ऐकताना अंगावर काटा येतो. (निर्मात्यांच्या धाडसालाही दाद द्यायला हवी.)

आपल्याकडे वाहिन्यांवर ऐकू येणारा डोरेमॉनचा हिंदी आवाज अर्थातच ओयामांचा नव्हे. म्हणून एक विनंती : ओयामांच्या आवाजातला, म्हणजे २००५ पूर्वीचा, ‘डोरेमॉन’चा एखादा मूळ जपानी भाग आणि त्यापाठोपाठ मोनोकुमाचा एखादा प्रसंग ऐकावा. त्यानंतरही आक्षेप कायम राहिला तर तो जरूर लिहून पाठवावा. पण मग तो या दोन भूमिकांमधल्या नेमक्या कोणत्या जागेविषयी आहे, तेही कळवावे.