मुदत घालून दिल्याने खटला पळत नाही

उच्च न्यायालयांनी प्रत्येक फौजदारी खटल्याला कालमर्यादा घालून द्यावी, असं नुकत्याच वाचलेल्या एका लेखाच्या लेखकाचं म्हणणं. हा उपाय करून झालाय. माजी मुख्यमंत्री अंतुले यांच्या प्रकरणात १९९२ साली सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी जलद सुनावणीचा हक्क मान्य केला, पण सरसकट मुदत ठरवायला नकार दिला. पुढे काही निकालांनी तशी मुदत घातली, ती २००२ मध्ये त्याच न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी काढून टाकली. फेब्रुवारी २०२४ मध्ये तर सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने बजावलं की वरच्या न्यायालयांनी एरवी खालच्यांना वेळापत्रक आखून देऊ नये. बरोबरच आहे. ज्याला सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाणं परवडतं त्याचा खटला 'सहा महिन्यांत संपवा' म्हणून पुढे सरकतो, आणि त्याच कोर्टातला गरीब कच्चा कैदी रांगेत आणखी मागे जातो.

खरी अडचण खालीच आहे. बंदोबस्ताला पोलीस नाहीत म्हणून आरोपीला तुरुंगातून आणलं नाही, तपास अधिकाऱ्याची बदली झाली, सरकारी वकील दुसऱ्या कोर्टात. की पडली पुढची तारीख! मुंबईतल्या बनावट नोटांच्या एका प्रकरणात चार वर्षांत आरोपनिश्चितीसुद्धा (खटला कोणत्या आरोपांवर चालवायचा हे ठरवणं) झाली नव्हती. जुलै २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यात जामीन दिला, गुन्हा गंभीर असूनही.

माझ्या मते हाच मार्ग जास्त चालेल. खटला रेंगाळला तर जामीन, म्हणजे घाई करण्याची गरज सरकारलाही वाटेल. नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४७९ नुसार आधी कधीही दोषी न ठरलेल्या आरोपीला कमाल शिक्षेच्या एक तृतीयांश काळ तुरुंगात काढल्यावर सुटता येतं (फाशी-जन्मठेपेचे गुन्हे वगळून). अर्ज तुरुंग अधीक्षकानेच करायचा आहे. तो करतात का, हे कोणी विचारतंय?