युद्ध संपलं, कारण संपलं, पण सैनिक रशियातच राहिले

जानेवारी १९८४ मध्ये अमेरिकी काँग्रेसपुढच्या वार्षिक भाषणात अध्यक्ष रोनाल्ड रेगन यांनी सोव्हिएत जनतेला उद्देशून सांगितलं की आपल्या दोन देशांची मुलं एकमेकांविरुद्ध युद्धात कधीच लढलेली नाहीत. १९७२ मध्ये निक्सन यांनीही हेच म्हटलं होतं, आणि तेही मॉस्कोतून, टीव्हीवर थेट रशियन लोकांशी बोलताना. हे खरं नाही. १९१८-१९ च्या हिवाळ्यात मिशिगनमधल्या पोरांनी भरलेली अमेरिकेची ३३९वी इन्फंट्री रेजिमेंट उत्तर रशियात अर्खांगेल्स्कच्या दक्षिणेला लाल सैन्याशी, म्हणजे नुकत्याच सत्तेवर आलेल्या कम्युनिस्ट बोल्शेव्हिकांच्या फौजेशी, लढत होती. त्या मोहिमेत दोनशेहून अधिक अमेरिकी सैनिक मेले. त्यातल्या कित्येकांचे मृतदेह थेट १९२९ मध्ये मायदेशी आणले गेले.

अमेरिका हे विसरली, रशियन विसरले नाहीत. १९५९ च्या अमेरिका दौऱ्यात सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह यांनी लॉस एंजेलिसमध्ये भर सभेत सुनावलं होतं की तुमचे सैनिक आमच्या भूमीवर येऊन गेलेत, आमचे तुमच्या भूमीवर कधी आले नाहीत. कॉमेंटमध्ये कुणी विचारण्याआधीच सांगतो, मी हे युक्रेनवरच्या हल्ल्याचं समर्थन म्हणून लिहीत नाही. शंभर वर्षांपूर्वीची जखम दाखवून शेजाऱ्याच्या घरात घुसण्याचा हक्क कुणालाही मिळत नाही. पण जे झालं ते झालं, आणि त्यावर मला मनापासून राग आहे. त्या फौजा पाठवल्या त्यापेक्षाही जास्त राग याचा, की त्या कशासाठी पाठवल्या हे त्यांना कुणी धड सांगितलंच नाही.

सुरुवातीचं कारण मला समजतं. ३ मार्च १९१८ ला बोल्शेव्हिकांनी ब्रेस्ट-लिटोव्हस्कला जर्मनीशी तह केला आणि रशिया पहिल्या महायुद्धातून बाहेर पडला. पूर्वेकडचे जर्मन सैनिक फ्रान्सच्या आघाडीकडे वळले. मित्रराष्ट्रांनी झारला पाठवलेला दारूगोळा अर्खांगेल्स्क आणि व्लादिव्होस्तोकच्या बंदरांत पडून होता, तो जर्मनांच्या हाती लागेल ही भीती होती. त्यातच मे महिन्यात मित्रराष्ट्रांच्या बाजूने रशियात लढलेल्या चेकोस्लोव्हाक लीजनने बंड केलं. चाळीस हजारांहून जास्त चेक आणि स्लोव्हाक सैनिक सैबेरियामार्गे फ्रान्सला जायला निघाले होते. चेल्याबिन्स्कला बोल्शेव्हिकांशी त्यांची ठिणगी पडली आणि बघता बघता ट्रान्स-सैबेरियन रेल्वेचा बहुतेक मार्ग त्यांच्या ताब्यात आला. म्हणून मित्रराष्ट्रांनी रशियात फौजा पाठवल्या. चालू युद्धात असे निर्णय घेतले जातात, चुकीचे का असेनात.

पण ११ नोव्हेंबर १९१८ ला ते युद्ध संपलं. पॅरिस आणि लंडनच्या रस्त्यांवर लोक नाचत होते. नेमक्या त्याच दिवशी उत्तर द्विना नदीकाठच्या तुल्गास गावात लाल सैन्याने हल्ला चढवला, आणि तिथे अमेरिकी, स्कॉटिश आणि कॅनडाचे सैनिक पुढचे काही दिवस जिवाच्या आकांताने लढत राहिले. जर्मनी शरण आली होती. मग हे कुणाशी लढत होते, आणि कशासाठी? घरी परतायच्या गोष्टी करणाऱ्या त्या पोरांना याचं उत्तर कुणी दिलं नाही. कारण उत्तरच नव्हतं. पुढे तर ऑगस्ट १९१९ मध्ये येम्त्सा गावावर ब्रिटिश विमानांनी विषारी रसायनाचे बॉम्ब टाकले. महायुद्ध संपून नऊ महिने झाले होते!

चर्चिलकडे उत्तर होतं. जानेवारी १९१९ पासून तो ब्रिटनचा युद्धमंत्री होता आणि बोल्शेव्हिकांना मुळातच चिरडायचं त्याने उघडपणे ठरवलं होतं. पंतप्रधान लॉइड जॉर्जला ते पटत नव्हतं. अध्यक्ष विल्सन तर आधीपासूनच दोन्ही डगरींवर पाय ठेवून उभा होता. जुलै १९१८ च्या त्याच्या टिपणात आधी लिहिलंय की लष्करी हस्तक्षेपाने रशियातला गोंधळ वाढेलच, आणि त्याच टिपणात सैन्य पाठवायला मान्यता आहे. हे टिपण सैबेरियात जाणाऱ्या जनरल ग्रेव्ह्‌जच्या हातात अमेरिकी युद्धमंत्री बेकरने कॅन्सस सिटीच्या रेल्वे स्टेशनवर ठेवलं. डायनामाइट भरलेल्या अंड्यांवरून चालायचं आहे, सांभाळून पाय टाक, एवढाच सल्ला.

ग्रेव्ह्‌ज मला या सगळ्या प्रकरणातला सर्वांत सरळ माणूस वाटतो. रशियाच्या अंतर्गत भांडणात पडू नका, असं लेखी होतं, म्हणून तो पडला नाही, आणि त्यासाठी इंग्रज, फ्रेंच आणि स्वतःच्याच परराष्ट्र खात्याची बोलणी त्याने खाल्ली. त्याच्या डोळ्यांसमोर काय चाललं होतं? काही हजार सैनिक पाठवायचं ठरलेलं असताना जपानने सत्तर हजारांच्या आसपास फौज उतरवली होती. सेम्योनोव्ह आणि काल्मिकोव्ह हे दोन बोल्शेव्हिकविरोधी कोसॅक सरदार जपानच्या पैशावर आणि शस्त्रांवर गावंच्या गावं लुटत होते, माणसं फटक्यांनी आणि गोळ्यांनी मारत होते. बोल्शेव्हिकांनी एक माणूस मारला तर पूर्व सैबेरियात त्यांच्या विरोधकांनी शंभर मारले, असं ग्रेव्ह्‌जने पुढे लिहून ठेवलं. हा आकडा कुणी मोजून काढलेला नाही. पण तो लिहिणारा अमेरिकी सेनापती होता, कम्युनिस्ट नव्हता. लाल दहशतही तितकीच खरी होती, निकोलायेव्हस्कला १९२० मध्ये लाल पार्टिझानांनी (गनिमी तुकड्यांनी) जपानी नागरिकांची केलेली कत्तल मी विसरलेलो नाही. तरीही सैबेरियातला शेतकरी ज्याच्यापासून पळत होता तो सरदार परक्यांच्या आशीर्वादाने उभा होता, हे नाकारता येत नाही.

यात हिंदुस्थानी शिपाईही होते. आपल्या शाळेच्या इतिहासात मी हे कधी वाचलं नाही. जुलै १९१८ मध्ये अश्गाबादच्या रेल्वे कामगारांनी ताश्कंदच्या बोल्शेव्हिक राजवटीविरुद्ध उठाव केला. त्यांचा पुढारी फुन्तिकोव्ह हा स्वतः इंजिन ड्रायव्हर. इराणमधल्या मशहदला बसलेल्या जनरल मॅलेसनने त्यांना मदत देऊ केली, कारण तुर्क आणि जर्मन कॅस्पियन ओलांडून अफगाणिस्तानच्या दिशेने येतील ही सिमल्याच्या ब्रिटिश सरकारची जुनी धास्ती. मदत म्हणजे मुख्यतः १९वी पंजाबी पलटण. काहका, दुशाक या काराकुम वाळवंटाच्या कडेच्या स्टेशनांवर, रेल्वेच्या रुळांभोवती, हे पंजाबी शिपाई लाल सैन्याशी लढले आणि मेले.

जरा कल्पना करा. लुधियाना किंवा झेलमकडचा एक तरुण, ज्याच्या प्रांतात त्या वर्षी भरतीसाठी गावोगाव जबरदस्ती चालू होती, तो आजच्या तुर्कमेनिस्तानात एका रशियन कामगाराच्या बाजूने दुसऱ्या रशियन कामगारावर गोळी झाडतोय. त्याला ना या कामगाराचं भांडण माहीत, ना त्या. सप्टेंबरमध्ये त्याच रेल्वेमार्गावर बाकूच्या २६ कमिसारांना, म्हणजे तिथल्या बोल्शेव्हिक राजवटीच्या पुढाऱ्यांना, अश्गाबाद सरकारने गोळ्या घातल्या. सोव्हिएतांनी ठपका टीग-जोन्स या ब्रिटिश अधिकाऱ्यावर ठेवला. त्याने तो नाकारला, पण नाव बदलून तो १९८८ पर्यंत रोनाल्ड सिंक्लेअर म्हणून जगला. शिपायांना नाव बदलायची गरज पडली नाही, त्यांची नावं कुणाला ठाऊकच नव्हती. १९१९ च्या वसंतात त्या तुकड्या माघारी बोलावल्या गेल्या. त्याच एप्रिलमध्ये अमृतसरला जालियनवाला बाग घडली.

काही मित्र मला नेहमी म्हणतात, मित्रराष्ट्रांनी अर्धवट ताकद लावली म्हणून फसले, पूर्ण लावली असती तर पुढे स्टालिन झालाच नसता. मला हे पटत नाही. पूर्ण ताकद आणणार कुठून? २१ डिसेंबर १९१८ ला कॅनडाच्या व्हिक्टोरिया शहरात क्वेबेकच्या सक्तीच्या भरतीतल्या सैनिकांनी सैबेरियाला जायला नकार दिला, त्यांना संगिनी रोखून जहाजाकडे नेलं. एप्रिल १९१९ मध्ये क्रिमियातल्या सेवास्तोपोलला ‘फ्रान्स’ आणि ‘जाँ बार’ या फ्रेंच युद्धनौकांवर लाल झेंडे चढले, आणि त्याच महिन्यात फ्रेंचांनी ओडेसा सोडलं. मे १९२० मध्ये लंडनच्या ईस्ट इंडिया डॉकवरच्या कामगारांनी बोल्शेव्हिकांशी लढणाऱ्या पोलंडला जाणारी शस्त्रं ‘जॉली जॉर्ज’ जहाजावर चढवायचं नाकारलं. चार वर्षं खंदकांत सडलेल्या माणसांना तुम्ही आणखी एक युद्ध विकू शकत नव्हता.

आणि शस्त्रं मिळाली त्या श्वेत, म्हणजे बोल्शेव्हिकविरोधी, सेनापतींनी काय केलं? शेतकऱ्याला जमिनीबद्दल ठोस शब्द दिला नाही. रशिया अखंड आणि अविभाज्य, हा हेका सोडला नाही. १९१९ मध्ये फिनलंडचा मॅनरहाइम पेट्रोग्राडवर (आजचं सेंट पीटर्सबर्ग) चालून जायला तयार होता. त्याला फक्त फिनलंडच्या स्वातंत्र्याला मान्यता हवी होती. सैबेरियातला श्वेतांचा प्रमुख कोल्चाक याने ती दिली नाही. त्याच कोल्चाकच्या अंगावरचा कोट इंग्रजी, खांद्यावरच्या पट्ट्या फ्रेंच आणि तंबाखू जपानी, अशी टर उडवणारी चारोळी सैबेरियाभर लोक म्हणत होते. शेवटी जानेवारी १९२० मध्ये, ज्यांच्या संरक्षणात तो होता त्या चेक सैनिकांनीच त्याला इर्कुत्स्कला विरोधकांच्या हवाली केलं, मित्रराष्ट्रांचा प्रतिनिधी जनरल जानँ याच्या संमतीने. ७ फेब्रुवारीला त्याला गोळी घातली. त्या आधीच, सप्टेंबर १९१९ मध्ये ब्रिटिशांनी अर्खांगेल्स्क सोडलं होतं. काही हजार लोक त्यांच्याबरोबर निघू शकले. बाकीचे, ज्यांनी परक्या झेंड्यावर विश्वास टाकून गावात उघडपणे बाजू घेतली होती, ते मागेच राहिले, आणि फेब्रुवारीत लाल सैन्य शहरात शिरलं.

बोल्शेव्हिकांना या सगळ्यातून जे मिळालं ते लेनिनच्या कुठल्याही भाषणाने मिळालं नसतं. क्रांती करून सत्ता बळकावणारा पक्ष देशाचं रक्षण करणारा पक्ष बनला. १९१६ मध्ये ऑस्ट्रियाची आघाडी फोडणारा झारचा सेनापती ब्रुसिलोव्ह कम्युनिस्ट नव्हता. मे १९२० मध्ये पोलिश सैन्य कीव्हमध्ये असताना त्याने जुन्या अधिकाऱ्यांना आवाहन केलं की मागचं विसरा आणि लाल सैन्यात या. आणि हजारो आले.