पेन्शनचे खाते बदलू पाहणाऱ्यांस हिताच्या चार गोष्टी

निवृत्तीनंतर वेळ जात नाही, ही तक्रार निदान आमच्या सांगली जिल्ह्यात तरी आता कोणी करू नये. सकाळचे फिरणे साडेसातला उरकते, वर्तमानपत्र नऊला संपते, आणि त्यानंतर संध्याकाळपर्यंत काय करावे हा जो प्रश्न साठी ओलांडलेल्या गृहस्थापुढे उभा राहतो, त्याचे उत्तर सरकारी कचेऱ्या आणि बँका यांनी मिळून केव्हाच शोधून ठेवले आहे. ज्या खात्यात दरमहा पेन्शन किंवा अनुदान जमा होते ते खाते बदलावयाचे, एवढेच आपण करायचे. कारण कोणतेही चालते. शाखा तळमजल्यावरून पहिल्या मजल्यावर गेली आणि गुडघ्यांनी वर येण्यास नकार दिला, हे एक. पासबुक छापण्याचे यंत्र गेल्या दिवाळीपासून फडक्याखाली झाकलेले आहे, हे दुसरे. एकदा निश्चय झाला की पुढचे सहा महिने तुम्हाला दुपारी झोप म्हणून लागणार नाही. सल्ला मात्र शब्दशः पाळला पाहिजे. तो पुस्तकी नाही. कृष्णाकाठच्या आमच्या गावात राहणारे, साखर कारखान्यातून निवृत्त झालेले माझे चुलते, ज्यांना सगळा गाव नाना म्हणतो, त्यांनी तो तंतोतंत आचरणात आणलेला मी या डोळ्यांनी पाहिला आहे.

सर्वप्रथम जुने खाते बंद करावे. नव्या खात्यात पहिला हप्ता पडलेला पासबुकावर दिसेपर्यंत जुने खाते चार-दोनशे रुपये ठेवून चालू राहू द्यावे, असे काही भित्रे लोक सांगतात. अर्ज दिला त्या महिन्याची यादी आधीच तयार होऊन गेलेली असू शकते आणि मग एखाद-दुसरा हप्ता जुन्याच ठिकाणी येतो, असे त्यांचे म्हणणे असते, आणि ते खरेही असते. परंतु दोन डगरींवर पाय ठेवणे तुमच्या वयाला शोभत नाही. नानांनी तर अर्ज देण्याच्या आदल्या दिवशीच बँकेत जाऊन उरलेले धनादेश फाडून काउंटरवर ठेवले, पासबुक परत केले आणि शिपायाच्या हातावर चहापुरते पैसे ठेवून मोठ्या मनाने त्या वास्तूचा निरोप घेतला. पुढच्या महिन्याची पेन्शन त्या बंद दारावर आपटून आली तशी परत गेली. परत गेलेला सरकारी पैसा हा रुसून गेलेल्या जावयासारखा असतो. तो येतोच, पण त्याला आणायला घरातल्या कर्त्या माणसाला दोनदा-तीनदा जावे लागते, आणि प्रत्येक वेळी आपलीच चूक होती हे लेखी द्यावे लागते.

अर्ज भरताना आयएफएससी हा बँकेच्या शाखेची ओळख सांगणारा अकरा अक्षरांचा मजकूर कसा लिहावा, याविषयी बरेच गैरसमज आहेत. त्यातली पहिली चार अक्षरे बँकेची असतात आणि पाचव्या जागी नेहमी शून्य असते. ते शून्य लिहिताना इंग्रजी ‘ओ’सारखे छान गोल, भरदार काढावे, म्हणजे संगणकावर बसलेल्या मुलाला आपल्या बुद्धीप्रमाणे निर्णय घेण्याची संधी मिळते. घरात एखादे जुने पासबुक असेल तर कोड त्यावरूनच उतरवून घ्यावा. आपल्या भागाचे या बाबतीत मोठे भाग्य आहे. सांगली बँक १९१६ साली निघाली आणि २००७ साली आयसीआयसीआय बँकेत विलीन झाली. शेजारच्या साताऱ्याची युनायटेड वेस्टर्न बँक १९३६ ची, ती २००६ साली आयडीबीआयमध्ये गेली. आणि अलीकडे १ एप्रिल २०२० रोजी आंध्र बँक व कॉर्पोरेशन बँक युनियन बँकेत, तर सिंडिकेट बँक कॅनरा बँकेत सामावली. इतक्या बँका नावानिशी नाहीशा झाल्या असताना त्यांची पासबुके मात्र आमच्या पेट्यांतून तांदळाच्या डब्याइतकी जपून ठेवलेली आहेत. मालक निवृत्त व्हावा आणि त्याच्याआधी त्याची बँक निवृत्त झालेली असावी, हा योग काही सर्वांनाच लाभत नाही.

खातेक्रमांकाकडे मात्र फार बारकाईने पाहू नये. ‘क्रमांकात चूक झाली तरी नाव आहेच की,’ असे नाना म्हणत, आणि ते ऐकून मला भरून येई. ऑनलाइन पैसे पाठवताना बँक जमा करते ती क्रमांकावर. नावाशी ताळा घालणे तिच्यावर बंधनकारक नाही. म्हणजे तुम्ही तीन पिढ्यांच्या नावासह आडनाव सुवाच्य अक्षरात लिहिले तरी ते शोभेपुरतेच. नानांचे नवे खाते म्हणजे काकूंबरोबर दुसऱ्या बँकेत फार पूर्वी काढलेले संयुक्त खाते होते, आणि त्याचे पासबुक ऑगस्ट २०१९ च्या महापुरात ट्रंकेसकट तीन दिवस पाण्यात होते. ते नंतर उन्हात वाळवून, वर जाते ठेवून सरळ केलेले आहे. पाने पापडासारखी वाजतात आणि शाई इतकी फुटलेली आहे की, सातव्या अंकाच्या जागी तीन आहे की आठ हे कृष्णामाईलाच ठाऊक. नानांनी ते पान खिडकीशी नेले, चष्मा कपाळावर चढवला, दोन मिनिटे निरखले आणि ‘आठ’ असा निकाल दिला. शाखा घरापासून सायकलने दहा मिनिटांवर होती, नवे पासबुक मागता आले असते, अर्जाला रद्द केलेला धनादेश जोडता आला असता. पण मग निकाल देण्यातला आनंद कुठे उरतो? तो तीन होता.

माहिती कोणाला द्यावी, हाही एक नाजूक विषय आहे. ज्याच्याकडून पैसे निघतात तो सोडून सर्वांना द्यावी, हा राजमार्ग. राज्य शासनाच्या निवृत्तांचे पैसे जिल्हा कोषागारातून निघतात, कारखान्यातल्या कामगारांचे १९९५ च्या पेन्शन योजनेतून भविष्य निर्वाह निधी संघटनेकडून, आणि संजय गांधी निराधार किंवा श्रावणबाळ योजनेची प्रकरणे तहसील कचेरीत असतात. तिन्ही घरांची दारे वेगळी आणि अर्जही वेगळे. नाना आधी तलाठ्याकडे गेले, मग कारखान्याच्या टाइम ऑफिसात गेले, तिथल्या नव्या पोरांना आपण १९८४ च्या गळीत हंगामात काय काय केले हे सांगून आले, आणि शेवटी पतसंस्थेच्या चेअरमनच्या कानावर घालून निश्चिंत झाले. १ जानेवारी २०२५ पासून त्यांच्या योजनेची पेन्शन देशातल्या कोणत्याही बँकेच्या कोणत्याही शाखेत घेता येते, ही बातमी त्यांनी वाचली होती. तिचा अर्थ त्यांनी असा घेतला की, सांगितले नाही तरी पेन्शन आपल्याला शोधत येईल.

निराधार योजनेच्या लाभार्थ्यांसाठी याहून उच्च प्रतीची सोय आहे, तिचे नाव आधार. इथे अर्जावरचा खातेक्रमांक कितीही वळणदार लिहिला तरी पैसा जातो तो आधार क्रमांकाच्या मागोमाग. बँकेत आधार ‘लिंक’ असणे आणि आधारचे ‘सीडिंग’ होणे या दोन गोष्टी एकच आहेत, अशी दृढ श्रद्धा बाळगावी. वास्तविक लिंक म्हणजे बँकेने तुमचा क्रमांक आपल्या दप्तरी टिपून घेणे, आणि सीडिंग म्हणजे नॅशनल पेमेंट्स कॉर्पोरेशनच्या मॅपर नावाच्या नोंदवहीत तुमच्या आधारासमोर त्या बँकेचे नाव चढणे. या नोंदवहीत एका आधारासमोर एका वेळी एकच बँक उभी राहते. शेवटी जिचे नाव चढले ती खरी. त्यामुळे बसस्थानकासमोरच्या छत्रीखाली सिमकार्ड घेताना, किंवा गावात ‘मोफत खाते’वाली गाडी आली असताना, कोणी अंगठा मागितला तर तो निःशंक मनाने द्यावा. २०१७ साली सिमची पडताळणी करता करता एका कंपनीच्या पेमेंट बँकेत लोकांची खाती त्यांना न विचारताच उघडली गेली आणि गॅसचे अनुदान तिकडे वाहू लागले, तेव्हा आधार प्राधिकरणाला डिसेंबरात त्या कंपनीचा ई-केवायसीचा, म्हणजे आधारवरून ओळख पटवण्याचा, परवाना स्थगित करावा लागला होता. परंतु एवढ्या तेवढ्यावरून माणसांवरचा विश्वास उडू देऊ नये.

याचे फळ कसे मिळते ते एका तहसील कचेरीच्या खिडकीशी मी उभा असताना पाहिले. माझ्यापुढे धोतर नेसलेले एक म्हातारबाबा होते. हातात प्लॅस्टिकची पिशवी, तीत पासबुक, आणि पासबुकात चार घड्या घातलेली आधारची छायाप्रत.

‘बाबा, तुमचं पैसं कवाच गेल्यात,’ खिडकीतून उत्तर आले.

‘ब्यांकवाला म्हणतोय, आलं न्हाईत.’

‘गेल्यात म्हणून इथं दिसतंय की.’

‘मग हैत तरी कुठं?’

‘तुमच्याच खात्यात.’

म्हातारबाबांनी पिशवीची गाठ पुन्हा मारली. खिडकीतला माणूस खोटे बोलत नव्हता, बँकवालाही बोलत नव्हता, आणि पैसेही खरोखरच बाबांच्याच नावावर, बाबांनी कधीही न पाहिलेल्या खात्यात सुखरूप पडून होते. आधारच्या संकेतस्थळावर ‘बँक सीडिंग स्टेटस’ पाहिले असते तर त्या बँकेचे नाव मिनिटभरात समजले असते. पण तशी पाटी खिडकीवर लावली तर खिडकीपुढची रांग कशी टिकायची?

आपण जिवंत आहोत हे सिद्ध करण्याविषयी थोडे सांगितले पाहिजे. सरकारी निवृत्तांचा हा उत्सव नोव्हेंबरात असतो आणि केंद्राच्या ऐंशी पार केलेल्यांसाठी तो ऑक्टोबरपासूनच सुरू होतो. नानांच्या योजनेत मात्र हा हयातीचा दाखला वर्षभरात केव्हाही द्यावा आणि तो दिल्या दिवसापासून एक वर्ष चालतो, म्हणून नाना न चुकता नोव्हेंबरातली सर्वांत लांब रांग निवडतात. २०१४ सालच्या नोव्हेंबरात ‘जीवन प्रमाण’ ही ऑनलाइन सोय निघाल्यापासून हा दाखला बोटाच्या ठशावर मिळू लागला. ज्या बोटांनी चाळीस वर्षे उसाचे पाचट काढले किंवा मार्केट यार्डात हळदीची पोती ओढली, त्या बोटांवर आता रेषाच उरलेल्या नाहीत, हे यंत्राला कोणी सांगितलेले नसते. केंद्रावरचा मुलगा ‘आज्जी, बोट केसावरनं फिरवा’ म्हणतो, मग ‘दुसरं बोट द्या’ म्हणतो, मग दहाही बोटे संपतात. आता चेहऱ्यावरूनही ओळख पटवता येते, ती मागू नये. समोर बसलेली बाई खोकते आहे, पाणी मागते आहे, यंत्राला शिव्या देते आहे, आणि यंत्र म्हणते आहे की पुरावा अपुरा आहे. एवढी तत्त्वचिंतनाची संधी मोबाईलच्या कॅमेऱ्यापुढे दोनदा डोळे मिचकावून घालवणे बरे नव्हे.

राहता राहिला फोन. दाखल्याचे दिवस जवळ आले की दुपारी जेवण होऊन डोळा लागतो न लागतो तोच एक अत्यंत मृदू आवाज ‘मुख्य कार्यालयातून’ बोलतो. पोटची पोरे आठवड्यातून एकदा चौकशी करतात, हा तर प्रकृतीपासून सुरुवात करतो. तो एक फाईल पाठवील, ती उघडावी. सहा आकडे येतील, ते मोठ्याने वाचून दाखवावेत. कोषागार किंवा बँक फोनवर ओटीपी मागत नाही, हे वाक्य शाखेतल्या प्रत्येक खांबावर चिकटवलेले असते, पण ते इतक्या बारीक टायपात की, आपल्यासाठी नसावेच. आणि खाते रिकामे झाल्यावर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या तक्रारीच्या क्रमांकावर फोन करून उतावीळपणा दाखवू नये. आधी घरच्यांपासून लपवावे, दोन रात्री कूस बदलत काढाव्यात, तोवर पैसे चार खाती ओलांडून जातात.

हे सर्व पाळूनही काही जण सुधारत नाहीत. आमच्या आळीतल्या आक्का हे त्याचे ठळक उदाहरण. लहानपणी पोलिओने एक पाय गेलेला, घरात शिलाईचे यंत्र, आणि निराधार योजनेत दिव्यांग म्हणून अनुदान, जे ऑक्टोबर २०२५ पासून दीड हजारांचे अडीच हजार झाले. बँकेची शाखा पहिल्या मजल्यावर गेली तशी त्यांनी खाते बदलायचे ठरवले. इथवर ठीक होते. परंतु त्यांनी सल्ला कोणाचाच घेतला नाही. तहसीलच्या खिडकीशी जाऊन पहिला प्रश्न विचारला, ‘पैसं आधारवर येतंय का नंबरवर?’ उत्तर मिळाल्यावर पोस्टमनला घरी बोलावून पोस्टाच्या बँकेत खाते काढले, सीडिंगच्या फॉर्मवर सही करून त्याची पोच मागून घेतली, नातवाकडून मोबाईलवर त्या बँकेचे नाव चढल्याची खात्री केली, आणि जुन्या खात्यात तीनशे रुपये तसेच ठेवून दोन हप्ते वाट पाहिली. मृदू आवाजाचा फोन त्यांनाही आला होता. ‘बाळा, पोस्टमन येतोय आमच्याकडं, त्याच्याजवळ चिठ्ठी दे,’ असे म्हणून त्यांनी तो ठेवला.

तिसऱ्या महिन्यापासून पोस्टमन दारात येऊन पैसे देऊ लागला. आक्का पुन्हा यंत्रावर बसल्या त्या बसल्या. नानांची मात्र पेन्शनच्या कचेरीत अजून ये-जा चालू आहे. परवा ते सांगत होते की, त्या कचेरीसमोरच्या टपरीवाल्याच्या मुलीचे लग्न ठरले आणि त्याने पत्रिका हातात दिली. आक्कांना तिथला चहा गोड असतो की कडक, एवढेही सांगता येत नाही.