दात पाडून घ्या, ऑस्कर मिळेल

काय म्हणता, जुन्या हॉलिवूडमध्ये करिअर करायचंय, आणि तेही हिरो म्हणून? काढा ते डोक्यातून. हिरोला रोज गुळगुळीत दाढी करावी लागते, पोट आत ओढून उभं राहावं लागतं, एक सुरकुती पडली की प्रोड्युसरला घाम फुटतो. त्यापेक्षा साइड रोल धरा, सरळ म्हातारे व्हा. आत्ताच, तिशी-चाळिशीत, साठीची वाट कसली बघताय.

वॉल्टर ब्रेननचं बघा. लॉस एंजेलिसला जमिनीच्या धंद्यात पैसा केला, तिथेच बुडवला आणि मग पोटासाठी एक्स्ट्रा म्हणून लाइनीत उभा राहिला. पुढे सेटवर अपघात होऊन दात गेले. आपण घरी बसून नशिबाला बोल लावले असते, पण या गड्याने कवळी केली आणि त्यातच धंदा बघितला. रोल मिळाला की डायरेक्टरला म्हणे पहिला प्रश्न हाच, दातासकट की दाताशिवाय? दाताशिवाय म्हटलं की कवळी खिशात, तोंडाचं बोळकं, आणि चाळिशीतला माणूस डायरेक्ट सत्तरीचा आजोबा. 1936, 1938 आणि 1940 च्या कामांसाठी तीन ऑस्कर! सहाय्यक अभिनेत्याचं पहिलंवहिलं ऑस्करसुद्धा याचंच. जळणारे म्हणायचे की तेव्हा एक्स्ट्रांनाही मत होतं आणि हा पडला त्यांच्यातला म्हणून जिंकला. असेल बुवा. तुम्हीही जेवायला एक्स्ट्रांच्याच पंगतीला बसत जा.

'रेड रिव्हर' (1948) बघितलाय ना? जॉन वेन हजारो गुरं घेऊन टेक्सासहून निघतो, धूळ, गोळीबार, सगळं आहे, आणि आपल्या लक्षात काय राहतं, तर ब्रेनन पत्त्यांत स्वतःची कवळी हरतो आणि जिंकणारा ती त्याला फक्त जेवणापुरती देतो, खाऊन झालं की परत हात पुढे. हिरोने पिक्चरभर उन्हात गुरं हाकायची आणि भाव खाल्ला कवळीने.

सुट्टीबिट्टी मागू नका. थॉमस मिचेल एकट्या 1939 सालात 'गॉन विथ द विंड'ची हिरोईन स्कार्लेट, तिचा बाप, 'स्टेजकोच'मधला दारुडा डॉक्टर (ऑस्कर यालाच मिळालं), वॉशिंग्टनचा पत्रकार, पॅरिसच्या भिकाऱ्यांचा राजा आणि वर एक पायलटसुद्धा. पाच पिक्चर, पाचही गाजलेले, आणि पोस्टरवर तोंड दुसऱ्याचं.

बक्षिसाची अपेक्षा मात्र बेताची ठेवा. पहिली सात वर्षं सहाय्यक कलाकारांना तो सोनेरी पुतळा मिळतच नव्हता, नुसती पाटी द्यायचे. घरी नेऊन भिंतीला ठोका. आणि तुम्ही काळ्या बाई असाल तर अजून जरा ॲडजस्ट करा. 'गॉन विथ द विंड'मध्ये स्कार्लेटला दम देत तिचा कॉर्सेट आवळणारी हॅटी मॅकडॅनियल, तिला अटलांटाच्या प्रीमियरला जाता आलं नाही, कारण तिथले गोऱ्या-काळ्यांचे कायदे. नंतर फेब्रुवारी 1940 मध्ये तिला ऑस्कर मिळालं ते अँबॅसडर हॉटेलात, तिथे तर काळ्यांना प्रवेशच नव्हता, प्रोड्युसरने शब्द टाकला तेव्हा आत घेतलं, आणि बसवलं कुठे, तर पिक्चरच्या बाकी मंडळींपासून लांब, भिंतीकडच्या छोट्या टेबलावर. तेव्हा चप्पल सपाट घाला, स्टेजपर्यंत चालायला अंतर जास्त पडतं.

उशीर झाला म्हणून रडू नका. थेल्मा रिटर पहिल्या पिक्चरमध्ये दिसली तेव्हा पंचेचाळिशीला टेकली होती. 1947 साल, पोराला हवं ते खेळणं दुकानादुकानांत शोधून पाय दुखून गेलेली आई, दोन मिनिटांचा रोल, टायटलमध्ये नावसुद्धा नाही. पुढे सहा नॉमिनेशन, ऑस्कर शून्य. वर 1955 च्या ऑस्कर सोहळ्यात न्यूयॉर्कमधून करायचं निवेदन तिच्याच गळ्यात! नवरी कधीच नाही, करवली दरवेळी.

आणि अगदीच टॉपला पोचलात तर चार्ल्स लेन व्हाल. 1905 चा जन्म, 2007 ला गेला, मधल्या काळात शेकडो कारकून, टॅक्सवाले आणि भाडं वसूल करणारे खडूस लोक करून ठेवले. कामं इतकी की कुठल्या पिक्चरमध्ये काय केलंय तेच विसरायचा, थिएटरात जाऊन बसला की अचानक पडद्यावर स्वतःच हजर. तुमचंही तसं झालं तर शेजारच्याला हळूच सांगा, हा मीच बरं का. तो म्हणेल, हो हो, चेहरा ओळखीचा वाटतोय, बँकेत असता ना तुम्ही? हो म्हणून टाका आणि इंटरव्हलला तिकिटाचे पैसे परत मागायला जाऊ नका.