‘चेम्मीन’ पहिला नव्हे, पण...

सध्या एक मजकूर सगळीकडे फिरतोय: ‘चेम्मीन’ (१९६५) हा पहिला रंगीत मल्याळम चित्रपट, आणि राष्ट्रपती पदक मिळवणाराही पहिलाच. दोन्ही गोष्टी चुकीच्या आहेत. पहिला रंगीत मल्याळम चित्रपट १९६१ चा ‘कण्डम बेच्च कोट्टु’. राष्ट्रपतींचं रौप्यपदक त्याआधीच, १९५४ च्या ‘नीलक्कुयिल’ला मिळालं होतं, त्याचे एक दिग्दर्शक रामू करियाटच, ज्यांनी पुढे ‘चेम्मीन’ केला. ‘चेम्मीन’चा खरा मान सुवर्णपदकाचा, तो मिळवणारा हा दक्षिणेतला पहिला चित्रपट.

त्याच मजकुरात कथेला ‘श्रीमंत मुलगा, गरीब मुलगी’ म्हटलंय. हे तर फारच ढोबळ झालं. परीकुट्टी मुसलमान मासळी व्यापारी, करुत्तम्मा हिंदू कोळ्याची मुलगी. आड येतो तो धर्म आणि किनाऱ्यावरची रीत. आणि पैसा? तो उलटाच फिरतो. करुत्तम्माचा बाप होडी-जाळी घेतो ती परीकुट्टीच्या पैशावर, मासळी त्यालाच विकायच्या बोलीवर. होडी पाण्यात उतरली की बोली विसरतो. शेवटी कफल्लक होतो तो ‘श्रीमंत’ मुलगाच, आणि मग मन्ना डेंच्या आवाजात किनाऱ्यावर गात हिंडतो.

बाकी चेम्मीन म्हणजे आपली कोळंबी. तेवढं मात्र त्या मजकुरात बरोबर आहे.