धुळे विश्वेश्वरय्यांनी आखलेलं नाही

अभियंता दिन जवळ आला की तो मेसेज पुन्हा फिरायला लागतो. यंदा तो माझ्या भाचीच्या भाषणाच्या वहीत उतरला. "मामा, हाई खरं शे ना?" तिने विचारलं. नाही, खरं नाही. मेसेज म्हणतो: धुळे शहराची आखणी सर मोक्षगुंडम विश्वेश्वरय्यांनी केली, पांझरा नदीवरची फड पद्धत, म्हणजे शेतकऱ्यांनी मिळून पाणी वाटून घ्यायची पद्धत, त्यांनीच सुरू केली आणि चंदीगड धुळे बघून बांधलं.

आखणीचं बघा. विश्वेश्वरय्या मुंबई इलाख्याच्या बांधकाम खात्यात लागले १८८४ साली. खानदेशचं सरकारी गॅझेटियर छापलं गेलं १८८० साली, आणि त्यात नव्या धुळ्याचे सरळ रस्ते आणि भक्कम घरं नोंदलेली आहेत. गल्ली नंबर चार, पाच, सहा म्हणत आपण ज्या आखणीचा अभिमान बाळगतो, ती चार वर्षांनी येणाऱ्या माणसाच्या नावावर कशी चढवता? १८१८ मध्ये खानदेश इंग्रजांकडे गेला. कॅप्टन जॉन ब्रिग्ज या इंग्रज अधिकाऱ्याने धुळ्याला ठाणं केलं आणि जानेवारी १८१९ मध्ये सरकारी कचेऱ्या बांधायची मंजुरी मिळवली. कारागीर लांबून आणले. वस्तीला येणाऱ्यांना घराची जागा कायमची बिनभाड्याने आणि बांधकामाला उचल दिली. तेव्हा गावात माणसं होती २,५०९ आणि घरं ४०१. कचेऱ्या उभ्या करणाऱ्या त्या गवंडी-सुतारांची नावं कुठल्याच मेसेजमध्ये नसतात, याचं मला जास्त वाईट वाटतं.

फडाचा दावा मात्र संतापजनक आहे. ब्रिग्जनेच १८१९ च्या सुमारास धुळ्याचं वर्णन केलंय: बागायतीने वेढलेलं, नदी आणि पाट यांच्यामध्ये दाटलेलं छोटं गाव. म्हणजे विश्वेश्वरय्यांच्या जन्माआधी चाळीस वर्षं इथे पाटाला पाणी वाहत होतं. फड त्याहून जुने. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, पाटाखाली फड, एका फडात सगळ्यांचं एकच पीक. पाणी सोडायला पाटकरी, राखणीला जागल्या, आणि भांडण मिटवायला गावच. पिढ्यान् पिढ्या शेतकऱ्यांनी चालवलेली ही व्यवस्था एका साहेबाच्या खात्यावर टाकली, तर आमच्या पोरांना आपल्या आजा-पणजाने काय केलं ते कळणार कधी?

मेसेजमध्ये खरं आहे ते एवढंच: विश्वेश्वरय्या उमेदवारीच्या काळात धुळ्याला होते, आणि पांझरेच्या खोऱ्यात दातर्तीला त्यांनी पाण्याचा सायफन, म्हणजे पाणी पलीकडे नेणारा नळ, बांधला. ऐन पावसाळ्यातलं ते काम तरुण अभियंत्याची कसोटी पाहणारं होतं. तेवढं सांगितलं तरी त्यांचा मान कमी होत नाही. त्यांची ब्लॉक पद्धत, म्हणजे शेतांचे गट पाडून पाणी देणं, हे पाणीवाटपाचं मोठं काम, पण ते नीरेच्या कालव्यावरचं.

चंदीगडचं एका ओळीत: तिथला पहिला आराखडा अमेरिकी नगररचनाकार अल्बर्ट मेयरचा, नंतर १९५१ पासून काम वास्तुकार ल कॉर्बुझिएकडे. धुळ्याचा त्यात काही संबंध नाही.