आधी त्यांना दाखवा

एखाद्या गावावर, वस्तीवर, एकमेकांना धरून राहणाऱ्या लोकांवर डॉक्युमेंटरी आली की मला आधी हे जाणून घ्यायचं असतं, की ती त्या लोकांना दाखवली होती का? आणि कधी? महोत्सवात टाळ्या पडल्यावर, की एडिटिंग चालू असताना?

फ्रेंच दिग्दर्शक जाँ रूश यांनी नायजर नदीवरच्या सोर्को लोकांची पाणघोड्याची शिकार चित्रित केली आणि १९५० च्या दशकात त्यांच्याच गावात पडदा लावून ती दाखवली. शिकारीच्या प्रसंगाला त्यांनी संगीत दिलं होतं, तेही तिथलंच, शिकाऱ्यांना चेव आणणारं. शिकाऱ्यांनी तिथल्या तिथे हरकत घेतली. शिकारीत चिडीचूप राहावं लागतं, एवढ्या आवाजाने पाणघोडा केव्हाच पळाला असता! रूश यांनी संगीत काढून टाकलं. ही चूक कुठल्या समीक्षकाला सापडली असती?

रोजचं जगणं टिपायला वेळ लागतो, हे सगळेच म्हणतात. पण का लागतो? सुरुवातीला लोक पाहुण्यासमोर वागावं तसं कॅमेऱ्यासमोर वागतात. त्यांना कॅमेऱ्याचा कंटाळा आला, की मग घरातली कुरबूर, अबोला, उधारीचं बोलणं सुरू होतं. जपानचे डॉक्युमेंटरी दिग्दर्शक शिन्सुके ओगावा आपल्या चमूसह यामागाता प्रांतातल्या मागिनो गावात राहायलाच गेले, दहा वर्षांहून जास्त. स्वतः भात पिकवला. गावाच्या जुन्या कथा उभ्या करायला गावकरीही कॅमेऱ्यासमोर आले. एवढा काळ प्रत्येकाला परवडणार नाही, मान्य. पण आठवडाभरात चित्रीकरण उरकून ‘त्यांचं आयुष्य’ दाखवल्याचा दावा तरी करू नये.

यावर एक आक्षेप नेहमी येतो, की लोकांना आधी दाखवलं तर ते अडचणीचं सगळं काढायला लावतील. हो, काही जण लावतील. पण ते म्हणजे बहुतेक वेळा ज्यांचं गावात चालतं तेच. मुखियाने होकार दिला म्हणजे सुनेने दिला असं होत नाही. ज्याच्याशी गाव बोलत नाही, त्याने दिला असंही नाही. दिग्दर्शक निघून जातो, बोलणाऱ्याला मात्र त्याच शेजाऱ्यांत राहायचं असतं. म्हणून सगळ्यांना एकत्र बसवून दाखवणं पुरेसं नाही. शेजाऱ्यांविरुद्ध, घरच्यांविरुद्ध जी बाई बोलली, तिला तिचा भाग आधी एकटीला दाखवा. मुखियाला स्वतःचा कारभार झाकायचा असेल तर ऐकू नका. पण ती म्हणाली ‘हे काढा’, तर काढा, मग तो अख्ख्या फिल्ममधला सगळ्यात जबरदस्त प्रसंग का असेना.